अंगठा देण्याआधी
(तालुका मेळाव्यातलं भाषण)



दिवाळी झाली की आपले पाडे रिकामे होतात. खडी भरायला, रस्त्याच्या कामाला आपण ठेकेदाराच्या ट्रकमधून जातो. दीड वर्ष झालं, आमच्या पाड्यातल्या मजुरांचा ट्रक उलटला. एका भावाचा पाय गेला. दवाखान्यातच मुकादमाने दोन हजार हातावर ठेवले, कागदावर अंगठा घेतला आणि म्हणाला, "मिटलं आता." आम्हीही गप्प बसलो.

पण ते मिटलेलं नव्हतं. आधी १९२३ चा कामगार नुकसानभरपाई कायदा होता, २०२५ पासून त्याच्या जागी सामाजिक सुरक्षा संहिता आहे. कामामुळे, कामावर असताना इजा झाली तर भरपाई मालकाने द्यायची. हक्क सोडल्याचा अंगठा घेतला तरी तो करार या कायद्यात चालत नाही. मात्र दावा दोन वर्षांच्या आत लावायचा. दुसरा रस्ता १९८८ च्या मोटार वाहन कायद्याचा: गाडीमालकावर आणि विमा कंपनीवर दावा. अपघात परमुलखात झाला तरी हा दावा आपण राहतो तिथल्या जिल्ह्यात लावता येतो. दोन्हींतला एकच रस्ता धरता येतो, म्हणून आधी संघटनेत बसून ठरवायचं.

जंगलजमिनीसाठी आपण दंडाच्या पावत्या जपल्या. तसंच इथे पोलिसांचा पंचनामा, दवाखान्याचे केसपेपर जपा. कामाला निघतानाच ट्रकचा नंबर, ठेकेदाराचं नाव आणि सोबत्यांची नावं पाड्यावर लिहून ठेवा.

त्या भावाचे सहा महिने अजून उरलेत. सोमवारी आम्ही त्याला घेऊन लेबर कोर्टात जातोय. त्या ट्रकमध्ये जे होते, त्यांनी साक्षीला यावं.

जिंदाबाद!