डोळ्यावरचे पटल : डाहलच्या शैवाचार्यांचा ज्ञानविचार

जबलपुराच्या पश्चिमेस तेवर नावाचे एक खेडे आहे. कलचुरि राजांची राजधानी त्रिपुरी ती हीच. तेथून पुढे भेडाघाट. नर्मदेचे संगमरवरी कडे पाहावयास जाणारा प्रवासी टेकडीच्या पायऱ्या चढून चौसष्ट योगिनींच्या देवळापर्यंत पोचतोच असे नाही. पोचला तरी भग्न मूर्तींची हळहळ करून परततो. याच डाहल प्रदेशात एके काळी ‘माणसाला दिसते ते इतके थोडे का दिसते?’ या प्रश्नाचा कसून विचार करणारी शैवाचार्यांची परंपरा नांदत होती, याची त्याला कल्पना नसते.

दहाव्या शतकात पहिल्या युवराजदेवाने मत्तमयूर परंपरेतील शैव आचार्यांना सन्मानाने आपल्या राज्यात आणिले. गोलकी मठ त्यांच्याच संप्रदायाचा. भेडाघाटच्या वर्तुळाकार देवळावरून त्याला हे नाव मिळाले असे काही संशोधक मानतात, तर काही तो रेव्याजवळच्या गुर्गीत नेतात. कलचुरींचे लेख महामहोपाध्याय वा. वि. मिराशी यांनी साक्षेपाने संपादून १९५५ साली प्रसिद्ध केले. एका महाराष्ट्रीय पंडिताच्या या परिश्रमामुळे त्या राजवंशाचा व त्याच्या गुरूंचा इतिहास आज एकत्र वाचावयास मिळतो.

या आचार्यांचे दर्शन म्हणजे शैव सिद्धान्त. त्याची तात्त्विक मांडणी सद्योज्योति आणि काश्मीरचा भट्ट रामकंठ यांच्या ग्रंथांत सापडते. नैयायिक म्हणत, इंद्रिय आणि विषय यांचा संनिकर्ष झाला की ज्ञान उपजते. बौद्ध म्हणत, कल्पनेचा स्पर्श नसलेले ज्ञान तेवढे प्रत्यक्ष. सिद्धान्ती प्रश्नाला निराळ्याच बाजूने हात घालतो. त्याच्या मते आत्मा स्वभावतःच सर्व काही जाणण्यास समर्थ आहे. तेव्हा समोरचा घट दिसतो यात नवल नाही. भिंतीपलीकडचे दिसत नाही, याचेच कारण शोधले पाहिजे.

ते कारण म्हणजे मल. हा मल म्हणजे निव्वळ अज्ञान नव्हे, ते एक द्रव्य आहे, असे सिद्धान्ती निक्षून सांगतो, आणि दाखला देतो मोतीबिंदूचा. डोळ्यावर पटल आले आहे हे रोग्याला पुरते ठाऊक असले, तरी त्या ठाऊक असण्याने त्याला दिसू लागत नाही. नेत्रदोषाने ज्याला दोन चंद्र दिसतात, त्याला चंद्र एकच आहे हे शंभरदा पटवून द्या. तो मान डोलावील आणि त्याला दोनच दिसत राहतील. पटल काढावयास वैद्याची शलाका लागते. तद्वत मल दूर व्हावयास क्रिया लागते, आणि ती क्रिया म्हणजे दीक्षा.

मग बद्ध जीवाला जे थोडेबहुत दिसते ते कसे? त्यासाठी या दर्शनाने कला आणि विद्या ही दोन तत्त्वे मानली. कला आवरणाचा लहानसा भाग जणू किलकिला करते. विद्या हे बुद्धीला पाहण्याचे साधन. सांख्य म्हणे, बुद्धी दिव्यासारखी आहे, तिला पाहावयास दुसरा दिवा कशाला? सिद्धान्त्याचे उत्तर असे की, सुखदुःखरूपाने बुद्धीच जेथे भोगाचा विषय होते, तेथे तीच साधन होऊ शकत नाही. हा कोटिक्रम मोठा बारीक आहे.

ज्ञानाने अज्ञान जाते, हा आपल्याकडील वेदान्ताचा आवडता सिद्धान्त. त्याला इतका रोखठोक विरोध क्वचितच कोणी केला असेल. परंतु या मतालाही एक नाजूक जागा आहे. पटल निघाल्याचे रोगी स्वतः सांगू शकतो. दीक्षित मनुष्य मात्र दीक्षेनंतरही पूर्वीइतकेच पाहतो. त्याने मल गेल्याचे मानावयाचे ते आगमाच्या भरवशावर. धर्मकीर्तीने तर फार पूर्वीच असल्या विधींची थट्टा केली होती : बीजाची उगवण्याची शक्ती नष्ट करणाऱ्या विधीने पुनर्जन्म टळत असेल, तर अंगाला तेल चोळून किंवा अग्नीत जळूनही मोक्ष मिळावा! आरंभी दाखल्यासाठी घेतलेला प्रत्यक्ष अनुभव शेवटी साक्षीला येत नाही, हा आक्षेप सिद्धान्त्यांना पुरता परतविता आला असे म्हणवत नाही. तरीही दोन चंद्रांचा त्यांचा प्रश्न प्रतिपक्षाला अडवून धरतोच.

मठातील परंपरा डाहलपुरती राहिली नाही. अकराव्या शतकात सोमशंभूने रचलेली कर्मकांडपद्धती दक्षिणेत प्रमाण मानली गेली. भेडाघाटी कलचुरि संवत ९०७ मध्ये, म्हणजे इ. स. ११५५ च्या सुमारास, राणी अल्हणदेवीने शिवमंदिर, मठ आणि व्याख्यानशाळा बांधून व्यवस्था एका पाशुपत आचार्याकडे सोपविली. हा पंथ निराळा खरा. पण राणीने स्थापिलेल्या शिवाचे नाव मात्र होते वैद्यनाथ.

गोलकी परंपरेतील विश्वेश्वरशंभू काकतीयांचा राजगुरू झाला. आंध्रातील मलकापुरम येथे त्याचा १२६१ चा शिलालेख आहे. त्यात मठाला मिळालेल्या गावांच्या उत्पन्नाची वाटणी दिली आहे. देवपूजा, विद्यार्थी आणि अन्नछत्र यांच्याबरोबरच एक प्रसूतिशाळा व एक आरोग्यशाळा यांचीही तीत तरतूद केलेली आढळते.