काळाचा कोतवाल



मोठ्या अपघातांतून कोणी बचावला म्हणजे आपण म्हणतों, "काळ आला होता, पण वेळ आली नव्हती." हें वाक्य इतकें तोंडांत बसलें आहे कीं, त्यांतील भेद आपल्या ध्यानांत येत नाहीं. वेळ म्हणजे घड्याळांतील क्षण. काळ म्हणजे तो क्षण घेऊन येणारा कोणी तरी. "म्हातारी मेल्याचें दुःख नाहीं, पण काळ सोकावतो" असें म्हणतांना तर आपण त्याला दाराशीं घुटमळणाऱ्या जनावरासारखें मानतों. जो सोकावतो, त्याच्यावर कोणी राखण ठेवावयास हवी. आपल्या पुराणांत असा राखणदार आहे. त्याचें नांव काळभैरव.

आम्ही नवी मुंबईकर सुटींत पुष्कळदां हरिहरेश्वरीं जातों. रायगड जिल्ह्यांतील या क्षेत्रीं प्रथम काळभैरवाचें दर्शन, मग हरिहरेश्वराचें, आणि शेवटीं पुन्हां काळभैरवाचें, असा क्रम पाळतात. येतांना आणि जातांना ज्याला तोंड दाखवावें लागतें, तो पहारेकरी.

काशींत तर त्याला नगरीचा कोतवालच म्हणतात. त्याची कथा स्कंदपुराणाच्या काशीखंडांत आहे. ब्रह्मदेवाला अहंकार झाला, तेव्हां शिवाच्या क्रोधापासून भैरव उत्पन्न झाला आणि त्यानें ब्रह्मदेवाचें पांचवें मस्तक नखानें छेदलें. परंतु ती कवटी त्याच्या हाताला चिकटली आणि ब्रह्महत्या पाठीस लागली. कृत्य शिवाच्या आज्ञेनें घडलें, तरी दंड चुकला नाहीं. कवटी घेऊन भिक्षा मागत तो हिंडला. काशींत पाऊल टाकतांच ती गळून पडली. ती जागा कपालमोचन. ज्यानें स्वतः असा दंड भोगला, त्याच्याच हातीं कोतवाली आली, हें मला या कथेंत फार महत्त्वाचें वाटतें.

या कोतवालाचा कारभार कसा? काशींत मरणाऱ्यावर यमाचा अधिकार चालत नाहीं, अशी श्रद्धा आहे. मग पापाचा हिशेब कोणी करावयाचा? तो काळभैरव करतो. त्याला भैरवी यातना म्हणतात. अनेक जन्म पुरलें असतें तें दुःख अल्प अवधींत भोगून होतें आणि जीव मोकळा होतो. यातना तीव्र खरी. पण पाहा, काळाचा धनी असूनही हा कोतवाल काळ वाढवीत नाहीं. कित्येक जन्मांची शिक्षा तो क्षणांवर आणतो.

मी उभा जन्म शाळेंत मास्तरकी केली. तेथें मीही एक लहानसा कोतवालच होतों. १९९० च्या सुमाराची गोष्ट. वाशीपर्यंत लोकल आली ती १९९२ सालीं. तोंपर्यंत मानखुर्दकडून येणाऱ्यांस खाडीवरच्या पुलावरून बसनेंच यावें लागे. वार्षिक परीक्षेचा गणिताचा पेपर होता. घंटा झाल्यावर कोणासही आंत घ्यावयाचें नाहीं, हा नियम माझा, शाळेचा नव्हे. आठ मिनिटांनीं एक मुलगा धांपा टाकीत दाराशीं आला. म्हणाला, "सर, पुलावर बस अडकली." मीं म्हटलें, "घड्याळाला कारणें कळत नाहींत," आणि दार लावलें.

त्याचें वर्ष गेलें. जून महिन्यांत पटावर त्याचें नांव होतें. मुलगा आला नाहीं.

आपली जुनी घटका चोवीस मिनिटांची. आठ मिनिटें म्हणजे तिचा तिसरा हिस्सा. तेवढ्यासाठीं मीं एका मुलाचें वर्ष घेतलें, कदाचित् शाळाही घेतली. भैरव जन्मांचे क्षण करतो. मीं मिनिटांचें वर्ष केलें. मला कोणी जाब विचारला नाहीं. उलट शिस्तीचा शिक्षक म्हणून माझा लौकिक वाढला. निवृत्तीनंतर हरिहरेश्वरीं काळभैरवापुढें हात जोडून उभा असतां तो मुलगा एकाएकीं आठवला, आणि हाताला चिकटलेली कवटी कशाला म्हणतात तें कळलें.

वेळेची शिस्त नको, असें माझें म्हणणें नाहीं. शिस्तीवांचून शाळाही चालत नाहीं आणि गाडीही चालत नाहीं. पण त्या दिवशीं त्याला मागच्या बांकावर बसवितां आलें असतें. गेलेलीं आठ मिनिटें त्याचीं गेलींच होतीं. तेवढाच दंड पुरेसा होता. माझें घड्याळ बरोबर होतें, हिशेब चुकला होता.

श्रोतेहो, आपणांपैकीं प्रत्येकाच्या हातीं कोणाच्या ना कोणाच्या वेळेची किल्ली असते. कोणी कचेरीच्या खिडकीशीं बसतो, कोणी शाळेच्या फाटकाशीं, कोणी घरांत वडीलकीच्या नात्यानें. कार्तिक वद्य अष्टमीस काळभैरवाची जयंती येते. त्या दिवशीं नारळ अवश्य वाढवावा. पण आपल्या दाराबाहेर कोणी धांपा टाकीत उभा आहे काय, हें एकदां दार उघडून पाहावें.