डोंगर चढताना येणारा थकवा
(वर्धापनदिनी केलेल्या भाषणाचा सारांश)



आपल्या विहारातली मुलं-मुली येत्या हिवाळ्यात कळसूबाईला निघाली आहेत. आयाबाया काळजीत आहेत, म्हणून मला दोन शब्द बोलायला उभं केलंय. कळसूबाई हे महाराष्ट्रातलं सर्वांत उंच शिखर, १६४६ मीटर. बारी गावातून वाट चढते, अवघड जागी लोखंडी शिड्या आहेत. दम मात्र निघतो.

आपल्या स्नायूंत आणि यकृतात साखरेचा साठा असतो, सगळा मिळून अर्ध्या किलोच्या आसपास. जोरात चढलं की दीड-दोन तासांत तो संपत येतो. चरबी भरपूर असते, पण तिच्यातून ताकद सावकाश मिळते. म्हणून पहिल्या टप्प्यात पळत सुटलेला गडी पुढे मटकन बसतो. शेजारच्याशी अख्खं वाक्य बोलता येईल, इतपतच वेग ठेवा. भुकेची वाट न पाहता गूळ-शेंगदाणे, केळं खात राहा. पाणी तहानेप्रमाणे घोट घोट प्या, सोबत मीठ-साखर घातलेलं लिंबूपाणी असू द्या. नुसतं पाणी ढोसत राहिलं तर रक्तातलं मिठाचं प्रमाण घटतं, तेही धोक्याचं.

उतरताना मांड्या ब्रेकसारखं काम करतात. म्हणून दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी जिना उतरवत नाही. ते आपोआप बरं होतं. पण लघवी काळसर-तांबडी झाली तर ताबडतोब डॉक्टरांकडे जा.

आता मुख्य गोष्ट. आपल्या आई-वडिलांनी दिवसभर ओझी उचलली, पण "दमलो" म्हणाले नाहीत. म्हटलं असतं तर रोज बुडाला असता! त्यांचा आपल्याला अभिमान आहेच. पण पोरांनो, तीच सवय डोंगरावर नेऊ नका. तिथे कुणी तुमचा रोज कापणार नाही. दमलेला गप्प राहिला की पाय घसरतो. म्हणून सर्वांत हळू चालणाऱ्याला पुढे ठेवा, दमदार माणूस शेवटी. "मुलींमुळे उशीर होतो" असली भाषा तर मला ऐकायचीच नाही.

बसून, खाऊन-पिऊन तरतरी आली तर तो साधा थकवा. पण कुणी असंबद्ध बोलू लागला, झोकांड्या देऊ लागला, अंग भाजल्यासारखं तापलं, तर तो उष्माघात समजा. सावलीत आणा, अंगावर पाणी ओता, वारा घाला आणि दवाखान्यात हलवा. शुद्ध नसेल तर तोंडात पाणी घालू नका.

परत फिरायची वेळ बारीतच ठरवून निघा. ती झाली की शिखर समोर दिसत असलं तरी मागे वळायचं.