चित्रापासून अक्षरापर्यंत
(व्याख्यानाचा संक्षेप)



आपल्या रत्नागिरी जिल्ह्यातील सड्यांवर जांभ्या दगडात कोरलेली चित्रे आपणांपैकी अनेकांनी पाहिली असतील. उक्षी व काशेळी येथील हत्ती प्रसिद्धच आहेत. २०२२ साली कोकणातील कातळशिल्पांचा युनेस्कोच्या संभाव्य वारसास्थळांच्या यादीत समावेश झाला. हत्ती कोणालाही ओळखता येतो. पण तो कोणी कोरला, हे चित्र सांगत नाही. कारण माणसाच्या नावाचे चित्र काढता येत नाही.

ही अडचण माणसाने हळूहळू सोडविली. सुमारे पाच हजार वर्षांपूर्वी सुमेर व इजिप्तमध्ये चित्र हे वस्तूबरोबरच उच्चाराचीही खूण बनले. पुढे पश्चिम आशियात बैलाच्या डोक्याचे चित्र बैलाच्या नावातील पहिल्या ध्वनीसाठी वापरले गेले. इंग्रजीतील 'ए' हे अक्षर त्याच चित्रापासून आले आहे. अशा रीतीने शेकडो चित्रांचे काम वीस-तीस अक्षरे करू लागली.

आपल्याकडे इ. स. पूर्व तिसऱ्या शतकात सम्राट अशोकांनी ब्राह्मी लिपीत आज्ञा कोरविल्या. त्यांपैकी आठव्या शिलालेखाचा तुकडा १८८२ साली सोपारा येथे पंडित भगवानलाल इंद्रजी यांना मिळाला. देवनागरी व मोडी या लिपी ब्राह्मीच्याच वंशातील आहेत.

शेजारच्या रायगड जिल्ह्यातील कुडा लेण्यांत ब्राह्मी लेख आहेत. त्यांत दान देणाऱ्यांमध्ये कोण कोण आहेत? माळी, वैद्य, लोखंडाचा व्यापारी, भिक्षुणी. कष्टकरी आणि साधी माणसेही! पुढे ही लिपी वाचणारे कोणी उरले नाही. सांची येथील लेखांच्या शेवटी वारंवार येणारी अक्षरे 'दानं' अशी आहेत, हे जेम्स प्रिन्सेप यांनी ओळखले आणि १८३७ साली ती माणसे पुन्हा बोलू लागली.

मित्रहो, अक्षरे थोडी होती, तरी ती सर्वांना शिकू दिली गेली नाहीत. आपल्या आजी-आजोबांनी कागदांवर अंगठे उठविले. कागदात काय लिहिले आहे, ते मात्र दुसऱ्याने सांगायचे! अंगठा हेही एक चित्रच. त्यावरून नाव वाचता येत नाही.

आज लेखणी आपल्या हाती आहे. घरी गेल्यावर आजीला तिच्या आईचे, तिच्या आजीचे नाव विचारा आणि ते वहीत लिहून ठेवा. कुडा येथील माळ्याचे नाव जवळजवळ दोन हजार वर्षे टिकले. आपल्या माणसांची नावे पुसली जाऊ नयेत, एवढेच सांगून मी आपली रजा घेतो.