'कंपू' : एका विस्मृत इंग्रजी शब्दाची हकीकत

आजच्या भाषणाचा विषय एक शब्द आहे, आणि तोहि असा कीं, इंग्रजी उत्तम जाणणाऱ्या माणसालासुद्धां तो ठाऊक असण्याचा संभव थोडा. 'कॅम्प' या इंग्रजी शब्दाच्या शेवटीं दोन 'ओ' लावून तो लिहीत आणि 'कॅम्पू' असा उच्चारीत. यूल आणि बर्नेल या दोघां विद्वानांनीं १८८६ सालीं प्रसिद्ध केलेल्या 'हॉब्सन-जॉब्सन' नांवाच्या जाडजूड कोशांत तो सांपडतो. हिंदुस्थानांत राहिलेल्या इंग्रजांच्या तोंडीं जे देशी शब्द बसले, त्यांची ही मोठी नोंदवही. १९०३ मध्यें विल्यम क्रुक यांनीं तिची वाढविलेली आवृत्ति काढली. आपला घाट साहेबाच्या तोंडीं कसा गेला, आपलें मुंगूस 'मंगूस' होऊन विलायतेस कसें पोंचलें, हें तिच्यांत वाचतांना मौज वाटते. 'कॅम्पू'च्या नोंदीपाशीं मात्र मराठी वाचकाला अंमळ थांबावेंच लागतें.

कारण तेथें त्या शब्दाचे दोन अर्थ दिले आहेत. पहिला साधा : सैन्याचा तळ. दुसरा विशेष : मराठ्यांच्या चाकरींत असलेल्या युरोपीय अंमलदारांच्या हाताखालचें कवाइती सैन्य. म्हणजे हा शब्द इंग्रजीनें उचलला तो आपल्याच इतिहासाच्या रणांगणावरून.

शब्दाचें मूळ पाहूं गेल्यास तें फार दूर, लॅटिन भाषेंत आहे. 'कँपुस' म्हणजे उघडें मैदान. रोम शहराबाहेर मार्स या युद्धदेवतेच्या नांवाचें एक प्रसिद्ध मैदान होतें. तेथें तरुणांची कवाईत चाले. या एका मुळापासून किती फांद्या फुटल्या पाहा! मैदानांत उतरून केलेली मोहीम ती 'कँपेन', मैदानांत दुसऱ्याच्या वतीनें झुंजणारा तो 'चॅम्पियन', विद्यापीठाचें आवार तें 'कॅम्पस'. जर्मन वंशाच्या भाषांनीं हा शब्द फार पूर्वींच घेतला, आणि त्यांत मैदानाचा अर्थ मागें पडून लढाईचा अर्थ पुढें आला. जुन्या इंग्रजींत 'कॅम्प' म्हणजे लढाईच. जर्मनींतील 'कांप्फ' हें त्याचेंच भावंड. इंग्लंडच्या नॉर्फोक आणि सफोक परगण्यांत हातपाय मोडण्याची तयारी ठेवून खेळावयाचा एक दांडगा चेंडूचा खेळ होता, त्याला 'कॅम्पिंग' म्हणत. तंबूंत राहून, शेगडीवर चहा करून पिण्याला आज तेंच नांव आहे, हें त्या खेळाडूंना आवडलें नसतें. सैन्याचा तळ हा आजचा अर्थ इंग्रजींत आला तो सोळाव्या शतकांत, फ्रेंच भाषेच्या वाटेनें.

आपल्याकडे हा शब्द कोणत्या वाटेनें आला? कोशकारांनीं इंग्रजी आणि पोर्तुगीज अशा दोन्ही वाटा सांगितल्या आहेत, पण त्यांचा कल पोर्तुगीजकडे आहे, आणि माझाहि तिकडेच आहे. 'कंपू'च्या शेवटचा 'ऊ' इंग्रजी 'कॅम्प'मध्यें नाहीं. पोर्तुगीज 'कांपो'मध्यें तो आहे, कारण त्या भाषेंत शब्दाच्या शेवटचा 'ओ' बोलतांना 'उ'कडे झुकतो. शिवाय लिलांव, फीत, घमेलें, काडतूस हे शब्द ज्यांनीं आपल्या घरांत आणून ठेवले, त्यांनींच 'कंपू'हि आणला असेल तर त्यांत नवल कसलें?

पण शब्दाला वजन आलें तें महादजी शिंद्यांमुळें. पानिपतावर इब्राहिमखानाचे गारदी लढले, तेव्हांपासून कवाइती पायदळाचें महत्त्व मराठ्यांस कळलें होतें. 'गारदी' हाहि 'गार्ड' या परकी शब्दाचाच अवतार. परंतु १७७३ मध्यें नारायणरावाच्या खुनानंतर त्या शब्दाला रक्ताचा जो डाग लागला, तो पुढें कधीं धुतला गेला नाहीं. महादजीनें १७८४ मध्यें द बॉइन्य या सॅव्हॉयच्या माणसाला चाकरीस ठेवलें. प्रथम दोन पलटणी, मग साधारण दहा पलटणींचें एक ब्रिगेड, मग तशीं आणखी. या प्रत्येक ब्रिगेडला म्हणावयाचें 'कंपू'. १७९० च्या जूनमध्यें पाटणला आणि सप्टेंबरांत मेडत्याला या कंपूंनीं उत्तरेंत शिंद्यांचा दरारा बसविला. यांत एक व्यवहाराची गोष्ट ध्यानांत ठेवण्याजोगी आहे. द बॉइन्यनें आपल्या शिपायांचा पगार वेळच्या वेळीं मिळावा म्हणून दुआबांतील मुलूखच खर्चासाठीं लावून घेतला होता. सैन्याचा पगार थकणें हा त्या काळचा नित्याचा रोग. कंपूच्या शिस्तीचें निम्में रहस्य कवाइतींत, आणि निम्में या नियमित पगारांत होतें, असें मला वाटतें.

१८०३ मध्यें आर्थर वेलस्ली दख्खनेंत शिंद्यांवर चालून आला, तेव्हां त्याच्या पत्रांत हा शब्द येतो : बेगम समरूचा कॅम्पू घाट चढून आला, पोहलमनचा कॅम्पू त्याच्या मागून येत आहे, अशा बातम्या त्याला मिळत होत्या. लिहिणाऱ्याच्या मनांत त्या शब्दामागें धास्ती आहे, कारण देशी दरबारांजवळच्या ज्या सैन्याची इंग्रजांना खरी चिंता होती तें हेंच. २३ सप्टेंबरला असईची लढाई झाली, १ नोव्हेंबरला लासवारीची. आणि शिंद्यांचे कंपू मोडले. धास्तीचें कारण संपलें तसें शब्दाचें कामहि संपलें. पुढें ऐंशी वर्षांनीं इंग्रजी नियतकालिकांत तो एखाद्या वेळीं दिसतो, पण गतकालाचें वर्णन करतांना, जुन्या शस्त्रासारखा, भिंतीवर टांगलेला.

इंग्रजींत शब्द मेला; मराठींत तो जगला, मात्र त्याचें शील पालटलें. आज 'कंपू' म्हटलें कीं आपल्याला पलटण आठवत नाहीं. एखाद्या संस्थेंतील चार दोन माणसांचा, आपसांत संगनमत करणारा गट आठवतो. 'त्यांचा कंपू', 'कंपूशाही' हे शब्द आपण नाक मुरडूनच उच्चारतों. असें कां झालें असावें? सैन्याच्या तळाला आपला दुसरा जुना शब्द 'गोट', त्याचीहि हीच गत झाली. 'अमक्याच्या गोटांतून समजतें कीं' असें वर्तमानपत्रें लिहितात, त्यांत ना घोडे असतात ना तंबू. माझा तर्क असा कीं, मराठी फौजेचा तळ कधीं एकसंध नव्हताच. प्रत्येक सरदाराचा गोट निराळा, निशाण निराळें, मसलतहि बहुधा निराळी. १७९३ मध्यें लाखेरीला द बॉइन्यचा कंपू लढला तो कोणाशीं? होळकरांच्या पलटणींशीं, आणि त्यांचाहि अंमलदार दुद्रनेक नांवाचा फ्रेंच! दोन मराठे सरदारांनीं दोन परकी माणसांकरवीं एकमेकांचे शिपाई मारविले. ज्या शब्दानें हें पाहिलें, त्याचा अर्थ पुढें 'दुफळी करणारी टोळी' असा झाला, तर त्या शब्दाला दोष देण्यांत अर्थ नाहीं.

आतां याच शब्दाच्या दुसऱ्या आगमनाकडे वळूं. कारण दीडशें वर्षांनीं, दुसऱ्या महायुद्धांत, तें घराणें पुन्हां महाराष्ट्रांत आलें, या वेळीं सरळ इंग्रजीच्या वाटेनें आणि शेवटचा 'ऊ' गाळून. कल्याणपासून थोड्या अंतरावर, उल्हास नदीच्या अलीकडच्या माळावर सरकारनें लष्कराचा मोठा तळ उभारला. ये-जा करणाऱ्या सैन्यानें कांहीं काळ थांबावें आणि पुढें जावें, एवढ्याचसाठीं तो होता. दोन हजारांहून अधिक बराकी बांधल्या गेल्या. बहुतेकींच्या मध्यें मोठें दालन आणि दोन्ही टोकांना खोल्या. 'कल्याण कॅम्प' हें त्याचें नांव. युद्ध संपलें, सैन्य गेलें, बराकी ओस पडल्या. मग फाळणी झाली. ६ जानेवारी १९४८ रोजीं कराचींत दंगल झाल्यावर सिंधमधील हिंदूंचा धीर सुटला, आणि आगबोटीमागून आगबोटी भरून माणसें मुंबईच्या बंदरांत उतरूं लागलीं. त्यांतलीं हजारों कुटुंबें या बराकींत आणून ठेवण्यांत आलीं. शिपायांसाठीं बांधलेल्या दालनांत गोणपाटाचे आणि जुन्या लुगड्यांचे पडदे लागले, आणि एका पडद्याअलीकडे एक संसार, पलीकडे दुसरा, असें सुरू झालें.

येथें मला आपल्या भाषेंतील एका शब्दाची आठवण होते. कॅम्पला आपण 'छावणी' म्हणतों. 'छावणी' या शब्दाचें मूळ छावणें, म्हणजे शाकारणें, छप्पर घालणें यांत आहे. पावसाळ्याचे चार महिने मोहीम थांबे, तेव्हां सैन्य झोंपड्या शाकारून राही, ती छावणी. दसऱ्याला सीमोल्लंघन झालें कीं छपरें मोडून पुढें. युरोपीय शब्दाच्या मुळाशीं उघडें मैदान आहे, आपल्या शब्दाच्या मुळाशीं डोक्यावरचें छप्पर. आगबोटीवरून उतरलेल्या माणसांना मैदान पुष्कळ होतें. हवें होतें तें छप्पर.

८ ऑगस्ट १९४९ रोजीं गव्हर्नर जनरल राजगोपालाचारी यांच्या हस्तें या वस्तीचें 'उल्हासनगर' असें नामकरण झालें. नांव नदीवरून घेतलेलें. तरी सर्वस्व मागें टाकून आलेल्यांच्या गांवाला उल्हासाचें नांव देण्यांत कोणाची तरी सदिच्छाहि असली पाहिजे. १९५५ मध्यें त्या नांवाचें रेल्वे स्टेशन झालें. कायद्यानेंहि भाषा बदलली. १९५४ च्या भरपाईच्या कायद्यांत या लोकांना निर्वासित न म्हणतां विस्थापित म्हटलें आहे. उत्तरेंत तर अशा लोकांनीं 'शरणार्थी' हा शब्द झिडकारून स्वतःला 'पुरुषार्थी' म्हणवून घेतलें.

इतकीं नवीं नांवें आलीं, पण जुना शब्द हलला नाहीं. कॅम्प एक ते कॅम्प पांच अशी वस्तीची वांटणी होती, तशीच ती आजहि लोकांच्या तोंडीं आहे. पत्रावर 'उल्हासनगर – ४' असें लिहितात, त्यांतला चार हा कॅम्पचाच आंकडा; आणि १९७२ मध्यें टपालखात्यानें सहा आंकडी पिन कोड सुरू केला, तेव्हां ४२१००१ पासून ४२१००५ पर्यंतचे आंकडे या गांवाला मिळाले. शेवटचा आंकडा पाहावा आणि कॅम्प ओळखावा.

हा शब्द आतां टाकावा असें म्हणणारे भेटतात. त्यांचें म्हणणें क्षुल्लक नाहीं. शेजारच्या गांवांतून 'कॅम्पांतला' हा शब्द कित्येक वर्षें कोणत्या सुरांत उच्चारला जाई, हें जुन्या रहिवाशांना सांगावयास नको. दुकान थाटलें, कारखाना काढला, मुलें शिकविलीं, तरी पत्त्यांत बेघरपणाची खूण कां वागवावी, हा त्यांचा प्रश्न आहे. तरीहि मला तो शब्द राहावासा वाटतो, आणि त्याचें कारण शब्दांच्या इतिहासांतच आहे. तळाचीं शहरें होणें ही जगांतील फार जुनी रीत. इंग्लंडमधील मँचेस्टर, लँकेस्टर यांच्या शेपटांतील 'चेस्टर' आणि 'केस्टर' म्हणजे रोमन फौजेची छावणी, लॅटिन 'कास्त्रा'. ओडिशांतील कटक हें 'कटक' या संस्कृत शब्दाचें, म्हणजे राजाच्या तळाचेंच नांव. उर्दू भाषेचें नांवसुद्धां छावणी या अर्थाच्या तुर्की शब्दावरून पडलें. आणि आपल्याच घरचें उदाहरण ग्वाल्हेरचें : दौलतराव शिंद्यांनीं १८१० मध्यें किल्ल्याच्या दक्षिणेस तळ दिला, तो तेथेंच मुरला, शिंद्यांची राजधानी झाला, आणि त्याचें नांव आजतागायत 'लष्कर'च आहे. त्या लष्करांत 'कंपू' नांवाची वस्तीहि आहे. जो शब्द इंग्रजीनें टाकला, तो तेथें घरांच्या पत्त्यांवर सुखानें नांदतो आहे. तेथील कोणालाहि त्याची लाज वाटल्याचें ऐकिवांत नाहीं.

उल्हासनगराच्या शेजारच्या गांवांकडे पाहिलें, तरी फौजांच्या वाटेवरचा हा मुलूख आहे हें दिसतें. आगगाडीनें पुढचें स्टेशन अंबरनाथ. तेथील शिवालयावर शके ९८२, म्हणजे इसवी सन १०६०, चा शिलालेख आहे आणि शिलाहार राजा माम्वाणि याचें नांव त्यांत आहे. त्या काळच्या राजांचे ताम्रपट पुष्कळदां तळावरून दिले जात, आणि तळाला त्यांत 'स्कंधावार' असा भारदस्त शब्द असे. त्याच्या पुढें बदलापूर. येथें फौजेचे घोडे बदलीत म्हणून हें नांव, अशी लोकांची समजूत आहे. ती खरी असो वा नसो, लोकांना नांवाचा अर्थ घोड्यांच्या टापांतच सांपडला, हें लक्षांत घेण्यासारखें आहे.

शेवटीं एक व्याकरणाची गोष्ट सांगतों. साधें सामान्यनाम असेल तर आपण 'शिबिरांत राहिला', 'छावणींत राहिला' म्हणतों. 'शिबिराला राहिला' कोणी म्हणत नाहीं. गांवाचें नांव असेल तर मात्र 'ठाण्याला राहतो', 'बदलापूरला राहतो' असें सहज म्हणतों. आतां उल्हासनगरच्या स्टेशनबाहेर रिक्षाजवळ उभें राहून ऐकावें. 'कॅम्प चारला राहतो', 'कॅम्प पांचला जायचें आहे', असेंच बोलणें कानीं पडतें. पुढच्या मराठी कोशकारानें 'कॅम्प' या शब्दापुढें 'तात्पुरता तळ' एवढाच अर्थ न देतां, विशेषनाम म्हणून त्याची दुसरी नोंद करावी, आणि 'कंपू'कडे एक बोट दाखवावें.