कामगारांच्या वतीने बोलणार कोण?

(मोरगाव येथील अभ्यासवर्गात झालेल्या भाषणाचा मजकूर)



मोरगाव हे मयूरेश्वराचे आणि कऱ्हाकाठचे जिरायती गाव. कामगार चळवळीचा इतिहास परळ-लालबागेत सांगावा, इथे त्याचे काय काम, असे कोणी विचारील. परंतु थोड्याच अंतरावर नीरा डाव्या कालव्याचे पाणी खेळते, त्या पाण्यावर ऊस उभा राहिला आणि त्या उसावर वालचंदनगर, माळेगाव, भवानीनगर, सोमेश्वर येथे साखर कारखाने निघाले. ज्या कायद्याने मुंबईच्या गिरणी कामगाराचे तोंड बांधले, तोच कायदा साखर कामगारालाही लागू झाला. तेव्हा हा इतिहास परका नाही.

या इतिहासाच्या मुळाशी एकच प्रश्न आहे. कामगारांच्या वतीने बोलण्याचा अधिकार कोणाला, आणि तो द्यायचा कोणी?

नारायण मेघाजी लोखंडे यांनी हा अधिकार कोणाकडे मागितला नाही. जोतीरावांचे हे सत्यशोधक सहकारी १८८४ साली गिरणी कामगारांच्या सभा भरवतात, साडेपाच हजार सह्यांचे निवेदन तयार करतात. मागणी काय, तर आठवड्याची एक सुट्टी, दुपारी अर्ध्या तासाची विश्रांती, वेळेवर पगार. त्यांच्या संघटनेला ना घटना होती ना वर्गणीची वही. काही पंडितांनी तिला युनियन म्हणावयासही नकार दिला आहे! तरीही १० जून १८९० रोजी मालकांना रविवारची सुट्टी मान्य करावी लागली. सह्या करणारे हात यंत्रावरचे होते, हीच त्या संघटनेची मान्यता.

पुढे कायदे आले. १९२६ च्या कायद्याने संघटनेला नोंदणी मिळाली, संरक्षणही मिळाले आणि त्याचे मोल कमी लेखू नये. परंतु १९२८ चा सहा महिन्यांचा सार्वत्रिक संप पाहिल्यावर सरकार आणि मालक या दोघांनाही कळून चुकले की संघटना नष्ट करता येत नाही. ती निवडता मात्र येते. १९३८ साली मुंबई प्रांताच्या काँग्रेस मंत्रिमंडळाने औद्योगिक कलहाचे विधेयक आणले. संपाआधी सक्तीची तडजोड आणि बेकायदा संपाला शिक्षा, असा त्याचा मथितार्थ. त्या वर्षीच्या ७ नोव्हेंबरला स्वतंत्र मजूर पक्ष आणि साम्यवादी यांनी मिळून एक दिवसाचा संप घडविला. काम नाकारल्याबद्दल माणसाला शिक्षा करणे म्हणजे त्याला गुलाम करणे, ही बाबासाहेब आंबेडकरांची त्या वेळची मांडणी आजही जुनी झालेली नाही. विधेयक मात्र संमत झाले.

१९४६ च्या मुंबई औद्योगिक संबंध कायद्याने त्यावर कळस चढविला. एका विभागात, एका उद्योगात एकच प्रातिनिधिक युनियन. वाटाघाट करील ती तीच. कामगारांचे गुप्त मतदान मात्र नाही. मुंबईच्या गिरण्यांत हा मान राष्ट्रीय मिल मजदूर संघाकडे गेला. १९५० साली समाजवाद्यांच्या मिल मजदूर सभेने बोनससाठी ६३ दिवस संप चालविला. दोन लाखांच्या आसपास कामगार बाहेर राहिले, आणि तरी कायद्याच्या लेखी ते कोणाच्याच मागे नव्हते. १८ जानेवारी १९८२ पासून डॉ. दत्ता सामंत यांच्यामागे सुमारे अडीच लाख कामगार गेले. हा कायदा रद्द करा ही त्यांचीही एक मागणी होती. संप विधिवत कधी मागे घेतला गेलाच नाही. गिरण्या गेल्या, जमिनींचे सौदे झाले. १९८४ साली कामगारांनी डॉ. सामंतांना लोकसभेत पाठविले. पण ज्या दाराशी त्यांचा संप अडला होता, ते दार त्या मतांनी उघडले नाही.

दोष फक्त कायद्याचा होता काय? प्रत्येक पक्षाने आपापली मध्यवर्ती संघटना काढली. १९४७ मध्ये इंटक, १९४८ मध्ये हिंद मजदूर सभा, आणि मग आणखी फाटे. कामगाराला आधी पक्ष विचारायचा, मग गाऱ्हाणे, अशी रीत पडली. समाजवाद्यांचेही त्यातले पाप थोडे नाही.

आता कालव्याकडे वळू. साखर कारखान्यातला कायम कामगार निदान एका युनियनचा सभासद असतो. परंतु ऊस तोडतो कोण? बीड, अहिल्यानगरकडून आलेली टोळी. नवरा-बायको मिळून एक ‘कोयता’. बाईची वेगळी मोजणीही नाही. मुकादमाची उचल घेऊन ते येतात, कोपी घालून राहतात, टनावर मजुरी घेतात आणि वाढे विकून वरखर्च भागवतात. कारखाना म्हणतो, हे आमचे कामगार नव्हेत. तोडणी-वाहतुकीचा खर्च शेवटी उसाच्या दरातूनच वळता होतो. म्हणजे सहकारी कारखान्याचा सभासद शेतकरी हा एका अंगाने त्यांचा मालक ठरतो आणि त्यांची मजुरी वाढली की त्याच्या कपाळाला आठी पडते. दोघांच्याही सभांना जाणाऱ्या कार्यकर्त्याची खरी परीक्षा इथे आहे. शेतकऱ्यापुढे दराची आणि कोपीपुढे मजुरीची गोष्ट बोलून वेळ मारून नेणे सोपे. कारखान्याचा हिशेब दोघांसमोर एकदम उघडून मांडणे कठीण.

२१ नोव्हेंबर २०२५ पासून नवी औद्योगिक संबंध संहिता लागू झाली आहे. हजेरीपटावरील ५१ टक्के कामगार ज्या युनियनमागे असतील, तिलाच वाटाघाटीचा एकमेव अधिकार. तसे बहुमत कोणाचेच नसेल तर संयुक्त परिषद. संपाची चौदा दिवस आधी नोटीस आता सर्वच आस्थापनांना. ५१ टक्क्यांचा हिशेब ऐकायला लोकशाहीचा वाटतो. पण हजेरीपट लिहितो कोण? कंत्राटदाराचा माणूस त्या पटावर नाही, आणि कोयता तर कधीच नव्हता.

हंगाम सुरू झाला की कालव्याच्या कडेने कोपी उभ्या राहतील. लोखंड्यांनी गोळा केल्या तशा सह्या त्या कोपींतून, आणि बायांच्या वेगळ्या, गोळा करावयाच्या आहेत. त्यासाठी किती जणांची नावे लिहून घ्यायची, ते आज उठण्यापूर्वी ठरवावे.