‘एन्जॉय एन्जामी’ : मळ्याचे गाणे आणि त्याचे धनी

७ मार्च २०२१ रोजी ‘एन्जॉय एन्जामी’ नावाचे एक तमिळ गाणे प्रकाशित झाले. ते कोणत्याही चित्रपटातील नव्हते, त्यामागे कोणा लोकप्रिय नटाची छबी नव्हती; तरीही काही आठवड्यांच्या आत ते कोट्यवधी वेळा ऐकले आणि पाहिले गेले. तमिळ भाषेचा गंधही नसलेल्यांनी त्यावर ताल धरला. लोकप्रियतेची अशी लाट येते आणि ओसरते, त्याचे विशेष नवल वाटण्याचे कारण नाही. नवल आहे ते असे की, ज्या गाण्याच्या ठेक्यावर लोक नाचले त्याच्या पोटात मर्तिकाचे रडणे आहे, आणि त्या रडण्यात जवळजवळ दोनशे वर्षांचा हिशेब आहे. तोच हिशेब शासकीय कागदपत्रांतही सापडतो. हे दोन्ही दस्तऐवज शेजारी ठेवून पाहावेत, एवढाच या भाषणाचा हेतू आहे.

प्रथम गाण्याची नावनिशी पाहू. गायिका धी. शब्द आणि रॅप अरिवू यांचे. संगीत-निर्मिती संतोष नारायणन यांची. चित्रफितीचे दिग्दर्शन अमित कृष्णन यांचे, आणि प्रकाशन ए. आर. रहमान यांचा पाठिंबा लाभलेल्या ‘माज्जा’ या व्यासपीठाचे. रॅप म्हणजे ठेक्यावर बांधलेले वेगवान, यमकबद्ध कथन. १९७३ च्या सुमारास न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्स भागातील कृष्णवर्णीय आणि कॅरिबियन वस्त्यांत हिपहॉप जन्मास आले व त्याच्याच अंगाने हा प्रकार वाढला. गळा गोड नसला तरी सांगण्यासारखे काही असले की भागते, हे त्याचे सामर्थ्य. मराठी श्रोत्यास येथे पोवाडा आठवणे स्वाभाविक आहे. शाहीर प्रसंग सांगतो, झीलकरी सूर धरतात; रॅपमध्येही कथन करणारा मुख्य आणि ध्रुपद गाणारी व्यक्ती पाहुणी, असा बहुधा रिवाज असतो. ‘एन्जॉय एन्जामी’च्या नावनिशीत मात्र हा क्रम उलटा आहे. तेथे धी यांचे नाव प्रथम येते आणि अरिवू हे पाहुणे कलावंत ठरतात. पुढे जो वाद माजला त्याचे बीज या ‘पाहुणे’पणात आहे.

‘एन्जामी’ हा ‘एन सामी’ या शब्दांचा बोलीतला उच्चार होय. अर्थ, माझा स्वामी, माझा देव. तमिळनाडूतील भूमिहीन मजूर जमीनमालकास याच शब्दाने हाक मारीत. आणि त्याच मजुराच्या घरातील म्हातारी नातवाला कुरवाळताना हाच शब्द वापरते. दास्य आणि वात्सल्य एकाच शब्दात नांदावे हे भाषेचे विलक्षण सामर्थ्य म्हणावयाचे की समाजाची विलक्षण लाज, हे ज्याने त्याने ठरवावे. गाण्यात आजी आणि नातू यांचे नाते हाच मुख्य धागा आहे. पूर्वजांनी राखलेली माती, रानातील पशुपक्षी, नदीकाठ यांचे आवाहन त्यात आहे. कोकिळेच्या हाकेसारखे ध्रुपद वारंवार येते आणि ऐकणारा त्यातच रमतो. मग मधूनच एक तक्रार येते: झाडे लावली, बाग फुलवली, पण लावणाऱ्याचा घसा कोरडाच राहिला. चालीचा उत्साह एवढा की ही तक्रार पहिल्या खेपेस कानाआड होते.

या तक्रारीची जात ओळखावयाची तर ‘ओप्पारी’ समजून घेतली पाहिजे. ओप्पारी म्हणजे प्रेतापाशी बसून स्त्रियांनी गावयाचे विलापगीत. आपल्या खेड्यापाड्यांतून बायका हेल काढून रडतात, गेलेल्याचे गुण एकेक करून आठवतात, त्याच्याशी नात्याच्या संबोधनाने बोलतात. ओप्पारीचेही तसेच आहे. तमिळनाडूत दलित समाजातील व्यावसायिक ओप्पारी गायकही आहेत, आणि मर्तिकास ‘परै’ हे चर्मवाद्य वाजविण्याचे काम परंपरेने त्याच समाजाकडे होते. ओप्पारीत केवळ शोक नसतो. मेलेल्याने काय काय केले याची यादी झाली की गाणारी जिवंत असलेल्यांकडे वळते: सासरने कसे वागविले, भावाने वाटणी कशी नाकारली, मालकाने काय बुडविले. एरवी जे बोलले तर जीभ हासडली जाईल ते रडताना बोलण्याची मुभा असते. ज्यांच्या नावावर सातबारा नाही त्यांचा फेरफार असा रडण्यातून नोंदला जातो. अरिवू यांनी रॅपला या विलापाची ढब दिली, आणि नारायणन यांनी तिला आजच्या वाद्यमेळाचा ठेका दिला. दोन प्रकारांची ही सोयरीक कृत्रिम वाटत नाही, याचे कारण दोन्हींचे मूळ काम एकच आहे, ते म्हणजे यादी करणे आणि गाऱ्हाणे मांडणे.

अरिवू हे अरक्कोणम येथील. पा. रंजित या चित्रपट-दिग्दर्शकाच्या पुढाकाराने २०१७ मध्ये उभ्या राहिलेल्या ‘द कास्टलेस कलेक्टिव्ह’ या वाद्यवृंदातून ते पुढे आले. महाराष्ट्राशी या मंडळींचा एक धागा आहे. रंजित यांचा ‘काला’ हा २०१८ मधील चित्रपट मुंबईच्या धारावीत घडतो. संगीत नारायणन यांचेच, गीतलेखकांत अरिवू होते, आणि धारावीतीलच ‘डोपाडेलिक्झ’ या गटाचा तमिळ रॅप त्यात आहे. असो. प्रस्तुत गाण्याचा उगम मात्र धारावीत नाही, तो समुद्रापलीकडे आहे. अरिवू यांची आजी श्रीलंकेच्या चहामळ्यात मजूर होती आणि तेथून ती भारतात परतली. गाणे आहे ते तिचे.

एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात ब्रिटिशांनी सिलोनच्या डोंगराळ भागात कॉफीचे मळे उभारले. मजूर तमिळ जिल्ह्यांतून नेले. दुष्काळ, कर्ज आणि जातीची गुलामगिरी यांनी गांजलेले लोक पायी किनाऱ्यापर्यंत जात, नावेने मन्नार गाठीत आणि तेथून अरण्यातून डोंगरापर्यंत पुन्हा पायी चालत. वाटेत पटकी आणि तापाने किती मेले याची नीट मोजदाद कोणी ठेवली नाही. १८६७ मध्ये जेम्स टेलर याने लूलकंदुरा येथे व्यापारी तत्त्वावर चहाची लागवड केली. १८६९ मध्ये कॉफीवर तांबेरा पडला आणि पुढील दोन दशकांत कॉफीची जागा चहाने घेतली. कॉफीचा मजूर हंगामी होता. चहाची पाने बारा महिने खुडावी लागतात. तेव्हा मजूर कायमचा तेथलाच झाला, आणि पाने खुडण्याचे काम मुख्यत्वे स्त्रियांच्या हाती आले.

मजूर आणणारा आणि त्यांच्यावर देखरेख करणारा तो ‘कंगाणी’. आपल्याकडील ऊसतोडणीचा मुकादम ज्यांनी पाहिला आहे त्यांना अधिक सांगावयास नको. तीच उचल, तोच हिशेब, आणि उचल कधीच न फिटण्याची तीच युक्ती. मजुरास दुसऱ्या मळ्यावर जावयाचे झाल्यास ‘तुंडु’ नावाची चिठ्ठी लागे. तिच्यावर त्याच्या कर्जाची रक्कम असे आणि नवा मालक ती चुकती करून त्यास घेई. माणसाची किंमत अशी चिठ्ठीवर लिहिली जाई. ही पद्धत १९२१ मध्ये कायद्याने बंद झाली. राहण्यास एका ओळीत बांधलेल्या खोल्या असत. वर्षानुवर्षे मळा फुलविणाऱ्याच्या पायाखालची वीतभर जमीनही त्याची नव्हती.

स्वातंत्र्याने त्यांची स्थिती सुधारली असे म्हणता येत नाही. १९४७ च्या निवडणुकीत सिलोन इंडियन काँग्रेसचे ७ प्रतिनिधी संसदेत निवडून गेले होते. त्यांपैकी सी. व्ही. वेलुपिल्लै हे कवी होते. मळ्यातील लोकगीते गोळा करण्याचे मोठे काम त्यांनी पुढे केले. परंतु १९४८ च्या नागरिकत्व कायद्याने मळ्यांतील सुमारे ७ लाख लोक नागरिकत्वास मुकले, आणि पाठोपाठ मतदानाचा हक्कही गेला. ३० ऑक्टोबर १९६४ रोजी पंतप्रधान लालबहादूर शास्त्री आणि सिरिमावो बंदरनायके यांनी करारावर सह्या केल्या. नागरिकत्वहीनांची संख्या ९ लाख ७५ हजार धरण्यात आली. त्यांपैकी ५ लाख २५ हजार भारताने घ्यावयाचे, ३ लाख श्रीलंकेने ठेवावयाचे, आणि उरलेल्या दीड लाखांचा निर्णय नंतर करावयाचा, असे ठरले. १९७४ मध्ये ते दीड लाखही निम्मे-निम्मे वाटून घेण्यात आले. श्रीलंकेत उरलेल्यांचा नागरिकत्वाचा प्रश्न २००३ च्या कायद्यानंतरच बव्हंशी मार्गी लागला.

करार करणाऱ्यांचा हेतू वाईट होता असे कोणी म्हणणार नाही. अधांतरी लोंबकळणाऱ्या माणसांस एक देश मिळावा हा उद्देश होता. परंतु ज्यांची वाटणी झाली त्यांना बहुतांशी कोणी विचारले नव्हते. कित्येकांचा जन्मच तेथला, तमिळनाडूतील मूळ गाव फक्त ऐकून माहीत. डोंगरातून आगगाडीने तलैमन्नार, तेथून बोटीने रामेश्वरम, मग मंडपम येथील संक्रमण छावणी, असा त्यांचा परतीचा प्रवास झाला. पुनर्वसनासाठी तमिळनाडू शासनाने १९६८ मध्ये निलगिरीत चहालागवडीची योजना सुरू केली. १९७६ मध्ये तिचे ‘टॅनटी’ या महामंडळात रूपांतर झाले. कर्नाटकात सुळ्य-पुत्तूर भागात रबराचे मळे लावण्यात आले. अनेकांना व्यवसायासाठी कर्ज देण्यात आले, परंतु पिढ्यान्‌पिढ्या पाने खुडणाऱ्याने एकाएकी दुकान कसे चालवावे, याचे उत्तर योजनेत नव्हते. श्रीलंकेच्या जनगणनेत ते ‘भारतीय तमिळ’ होते. येथे आल्यावर ते ‘सिलोनचे’ झाले. दोन्ही घरी पाहुणेच.

करारात ५ लाख २५ हजार हा आकडा आहे. गाण्यात एक म्हातारी आहे. प्रशासनास आकड्यावाचून चालत नाही हे खरे. परंतु आकड्यातील एक कसा बोलत होता, कोणास काय म्हणून हाक मारीत होता, हे संचिकेत सापडत नाही. ते गाण्यात सापडले.

आणि मग त्या गाण्याच्याच मालकीचा प्रश्न उभा राहिला. ऑगस्ट २०२१ मध्ये एका संगीतविषयक नियतकालिकाच्या मुखपृष्ठावर धी आणि दुसरे एक गायक झळकले, अरिवू नव्हते. रंजित यांनी त्यावर जाहीर टीका केली. पुढे त्या नियतकालिकाने अरिवू यांनाही अंकीय मुखपृष्ठावर स्थान दिले. २८ जुलै २०२२ रोजी चेन्नई येथे ४४ व्या बुद्धिबळ ऑलिंपियाडचे उद्‌घाटन झाले. तेथे धी यांनी किडक्कुळी मारियम्माळ या लोकगायिकेसमवेत हे गाणे सादर केले. अरिवू परदेशात होते. काही दिवसांनी त्यांनी लिहिले की, हे गाणे आपण रचले, लिहिले आणि गायिले. चाल वा शब्द आपणांस कोणी दिलेले नाहीत. नारायणन यांनी उत्तर दिले की, गाणे तिघांचे आहे आणि उत्पन्न व हक्क तिघांत समान आहेत. मार्च २०२४ मध्ये नारायणन यांनीच सांगितले की, तीन वर्षांत तिघांपैकी कोणासही या गाण्यापासून उत्पन्न मिळालेले नाही. या दाव्यांचा निवाडा करण्याचे हे स्थळ नव्हे. तिघेही गुणी आहेत. चाल, शब्द आणि वाद्यमेळ यांच्या सीमा बंद खोलीत काम करताना कोठे मिसळतात हे बाहेरून सांगणे अवघड असते.

कायदा काय म्हणतो तेवढे पाहता येते. १९५७ च्या प्रताधिकार कायद्यात २०१२ मध्ये दुरुस्ती झाली आणि गीतकार व संगीतकार यांचा स्वामित्वधनातील हिस्सा सरसकट लिहून घेण्यास बंदी आली. गायकादी सादरकर्त्यांचे हक्कही स्पष्ट झाले. त्यापूर्वी एकदाच रक्कम देऊन कवीकडून सारे हक्क घेण्याची प्रथा होती. दुरुस्ती मोलाची खरी. परंतु ती ज्याचे नाव ठाऊक आहे त्याच्यासाठी. लोकगीतास या कायद्यात वेगळे संरक्षण नाही. ओप्पारीची ढब घडविणाऱ्या बायांची नावेच कोणी लिहिलेली नाहीत, तेव्हा त्यांचा वाटा मागणार कोण? अरिवू यांच्या आजीचे गाणे नातवाने निदान तिच्या नावे गायिले. इतर असंख्य आज्यांना तेही लाभले नाही.

या बाबतीत महाराष्ट्रात एक चांगले काम झालेले आहे. हेमा राईरकर आणि गी पॉइटेव्हिन यांनी जात्यावरील ओव्यांचे जे संकलन केले त्यात १ लाखाहून अधिक ओव्या आहेत, आणि गाणारीचे नाव व गाव नोंदलेले आहे. २०१७ पासून ‘पारी’ या ग्रामीण भारताच्या संग्रहात त्या क्रमशः प्रसिद्ध होत आल्या. शाळांतून आणि ग्रामपंचायतींतून लोकगीते ध्वनिमुद्रित करण्याचे उपक्रम अधूनमधून होत असतात. त्यात गाण्याचा प्रकार लिहिला जातो, संकलकाचे नाव ठळक असते आणि गाणाऱ्या बाईपुढे बहुधा ‘एक वृद्धा’ असे लिहिलेले आढळते. तेथे तिचे पूर्ण नाव, गाव, तारीख, गाणे तिने कोणाकडून उचलले ते आणि पुढे ते कोठे वापरण्यास तिची संमती आहे ते, एवढे पाच रकाने नोंदवहीत आखून घेण्यास वेगळा निधी लागत नाही.